भिंत आणि साडी एकाच टेबलावर: सेट आणि कॉस्च्युम दोन्ही करायचंय म्हणणाऱ्या मुलाला उत्तर

प्रश्न बराच मोठा होता, बाकीच्यांना संदर्भ लागावा म्हणून थोडक्यात सांगते. मुलगा इचलकरंजीचा, अप्लाइड आर्टच्या शेवटच्या वर्षाला. स्पीलबर्गचा 'शिंडलर्स लिस्ट', नाझी छावणीतल्या ज्यूंवरचा काळापांढरा सिनेमा, बघून झोप उडाली, मग रात्रभर टायटल्समधली नावं शोधत बसला आणि कळलं की सेटवाला पोलिश, सेट सजवणारी पोलिश, कपडेवाली पोलिश, कॅमेरावालासुद्धा मूळचा तिथलाच. तर त्याचे प्रश्न तीन. पोलंडमध्ये एकच माणूस सेट आणि कपडे दोन्ही करतो का, कारण याला दोन्ही करायचंय. ही माणसं हॉलिवूडपर्यंत पोचली कशी. आणि याने पोलंडमधल्या वूचच्या फिल्म स्कूलला अर्ज करावा की पुण्याला एफटीआयआयला.

मी १९ वर्षं या धंद्यात आहे. पहिली आठ कपड्यांत गेली, ड्रेसवाल्या दादांच्या हाताखाली इस्त्री करण्यापासून, आणि नंतर आर्ट डिपार्टमेंटला आले. म्हणजे दोन्हीकडचं पाणी प्यायलेली आहे, पण एकाच सिनेमात दोन्ही खाती सांभाळली असं फक्त दोनदा झालं आणि त्यातलं एकदा चांगलंच अंगाशी आलं, ते पुढे सांगते. तू माझ्या भाच्याच्या वयाचा आहेस म्हणून अरे-तुरे करतेय, राग मानू नकोस.

तुझे प्रश्न तीन दिसतात पण खाली एकच आहे, की मी आता कुठे गेलो म्हणजे माझं काम मोठं होईल. मुंबई, पुणे, पोलंड, अमेरिका. आणि तू जे उदाहरण घेतलंयस ना, तेच तुझ्या या प्रश्नाच्या बरोबर उलट्या दिशेने चाललेलं आहे, म्हणून मला एवढं लिहायला बसावं लागलं.

अ‍ॅलन स्टार्स्की घे. 'शिंडलर्स लिस्ट' चे सेट याचेच. जन्म १९४३ चा, वॉर्साचा. वडील लुडविक स्टार्स्की पटकथा लिहायचे, युद्धानंतर पोलंडमध्ये जो पहिला फीचर सिनेमा आला त्याच्या लेखनात त्यांचं नाव आहे, म्हणजे घरात सिनेमा होताच, हे लपवण्यात अर्थ नाही. तुझ्याकडे ते नाही, माझ्याकडेही नव्हतं. वॉर्साच्या ललित कला अकादमीतून हा माणूस १९६९ ला बाहेर पडला, शिकला काय तर इंटिरियर. मग सत्तरच्या दशकाच्या मध्यावर आंद्रेय वायदाची गाठ पडली आणि तिथून पुढे बघ, 'मॅन ऑफ मार्बल' १९७७, 'मॅन ऑफ आयर्न' १९८१ ज्याला कानला सर्वोच्च बक्षीस मिळालं, 'दांतों' १९८३, 'कॉरचाक' १९९०. एकाच दिग्दर्शकाबरोबर इतकी वर्षं. मधे इतरांचीही कामं चालू होतीच, १९८७ चा नाझींच्या सोबिबोर छावणीवरचा टीव्ही सिनेमा, अग्नियेश्का हॉलंड या पोलिश दिग्दर्शिकेचा 'युरोपा युरोपा'. आणि मग १९९३ ला स्पीलबर्गचा 'शिंडलर्स लिस्ट'. ऑस्कर हातात आलं मार्च १९९४ ला, तेव्हा वय होतं ५१.

आता यातला 'कॉरचाक' हा सिनेमा जरा थांबून बघ, कारण बहुतेक लोक यावरून उडी मारून सरळ ऑस्करवर जातात. तो आहे वॉर्साच्या घेट्टोबद्दल, म्हणजे नाझींनी ज्यूंना जिथे कोंडलं त्या वस्तीबद्दल, आणि तो आहे ब्लॅक अँड व्हाइट. म्हणजे १९९० ला हा माणूस घेट्टो उभा करून बसलाय, तोही काळ्यापांढऱ्यात, त्याच्या तीन वर्षं आधी एक छावणीही डिझाइन करून झालीये. त्यानंतर एक अमेरिकन दिग्दर्शक येतो ज्याला क्राकोवमध्ये घेट्टो आणि छावणी हवीये, काळ्यापांढऱ्यात. सांग बरं, तो कोणाला फोन करणार? स्टार्स्की हॉलिवूडला गेला असं नाही झालं रे, हॉलिवूड क्राकोवला आलं आणि तिथे तयार माणूस कोण आहे हे बघितलं.

आणि काम काय केलं तेही बघ. खऱ्या प्वाशुफ छावणीच्या जागेवर शूटिंग करता येण्यासारखं नव्हतं, आजूबाजूला नव्या बिल्डिंगा दिसत होत्या. मग शेजारचीच लिबान नावाची जुनी चुनखडीची खाण घेतली आणि तिथे ३४ बराकी, पहाऱ्याचे मनोरे, कुंपण असं सगळं उभं केलं, आणि ज्यूंच्या कबरींवरचे दगड वापरून नाझींनी जो रस्ता केला होता तोही नकली दगडांचा बनवला. आजही त्या खाणीत सेटचे थोडे अवशेष पडलेत आणि फिरायला जाणारे लोक त्यांनाच खरी छावणी समजून हळहळतात. आपल्या धंद्यात याहून मोठं सर्टिफिकेट नाही आणि याहून विचित्रही नाही. घेट्टोचे सीन खऱ्या घेट्टोच्या भागात न करता नदीपलीकडच्या काझिमिएझमध्ये केले, कारण तो भाग जुना दिसत होता, खरा भाग बदलून गेला होता. बाहेरचा माणूस नकाशा घेऊन खरी जागा शोधत बसला असता, स्थानिक माणसाला माहीत असतं की खरी जागा खोटी दिसते आणि दोन गल्ल्या पलीकडची खोटी जागा खरी दिसते. मी स्वतः १९४० च्या पुण्याचं काम वाईत आणि सासवडला केलंय, याच कारणासाठी.

नंतर युद्धातल्या वॉर्सावरचा 'द पियानिस्ट' स्टार्स्कीने केला, त्या वेळीही तेच. वॉर्सा तर युद्धात जवळजवळ सपाट झालेलं, नंतर परत बांधलेलं. मग व्हिस्तुला नदीच्या पलीकडचा प्रागा भाग, जो वाचला होता, तो गल्ल्यांसाठी घेतला आणि उद्ध्वस्त शहर दाखवायला जर्मनीत यूटरबोग इथली सोव्हिएत सैन्याची सोडून दिलेली जुनी बराक वापरली, जी पाडलीच. म्हणजे ढिगारे खरे होते. त्या कामाला फ्रान्सचं सेझार हे सिनेमाचं बक्षीस मिळालं. आणि बरं का, त्यानंतर याच माणसाने 'युरोट्रिप' नावाचा कॉलेजच्या पोरांचा चावट कॉमेडी सिनेमाही केलाय, झेक राजधानी प्रागमध्ये बसून अख्खा युरोप उभा केला. मला ही गोष्ट फार आवडते, कारण आमच्याकडे एक नॅशनल अवॉर्ड मिळालं की माणूस सिरियल घ्यायला लाजतो.

आता कपडे. 'शिंडलर्स लिस्ट' चे कपडे आन्ना शेपर्डचे, माहेरचं नाव बिएजित्स्का. तिला तीन ऑस्कर नॉमिनेशनं आहेत, या सिनेमासाठी, 'द पियानिस्ट' साठी आणि मग २०१४ च्या 'मॅलेफिसंट' साठी, म्हणजे छावणीच्या फाटक्या कोटापासून परीकथेतल्या शिंगापर्यंत. मधे 'बँड ऑफ ब्रदर्स', 'इनग्लोरियस बास्टर्ड्स' वगैरे. तर शिंडलरच्या वेळी तिच्यासमोर हिशोब होता सुमारे २०,००० एक्स्ट्रांच्या कपड्यांचा. शिवून पुरणार आहेत का? तिने जाहिराती दिल्या की जुने कपडे विकत घेतो. तेव्हा पोलंडची आर्थिक अवस्था वाईट, कम्युनिस्ट राजवट नुकतीच संपलेली, आणि लोकांकडे १९३०-४० चे कपडे अजून ट्रंकेत पडलेले, लोक विकायला तयारच होते. यात हुशारी आहेच पण यात दुःखही आहे, आजीचा कोट विकावा लागणं म्हणजे काय ते आपल्याकडच्या माणसाला वेगळं सांगायला नको. मी हे सांगतेय ते एवढ्यासाठी की तो डिझाइनचा निर्णय स्केचबुकात झालेला नाही, देशाची हालत काय आहे आणि लोकांच्या पेटीत काय आहे हे माहीत असण्यातून झालाय.

आणि आता खरा मुद्दा, सेट आणि कपडे एकत्र का बघायचे. काळ्यापांढऱ्यात रंग जातात आणि फक्त गडद-फिकट उरतं. लाल आणि हिरवा, जे डोळ्याला एकमेकांचे वैरी वाटतात, ते करड्यात एकसारखे येऊ शकतात. म्हणून स्टार्स्कीने सेट माणसांपेक्षा एकतर गडद ठेवले नाहीतर फिकट, माणूस भिंतीत विरघळू नये म्हणून. आणि शेपर्डला कपडे असे निवडावे लागले की ते चेहऱ्याच्या रंगात मिसळणार नाहीत आणि स्टार्स्कीच्या भिंतीतही नाहीत. म्हणजे दोन खाती, दोन माणसं, पण गणित एकच. भिंतीचा रंग ठरल्याशिवाय कोटाचा रंग ठरत नाही.

माझी गोष्ट सांगते. जुन्या वाड्यातली एक पिरियड सिरियल होती, नाव घेत नाही. तेव्हा मी फक्त कपडे बघत होते. नायिकेला मी आजीबाईंकडून मागून आणलेली इरकल दिली, हिरवी, अंगाला चांगली मुरलेली, मी खुश. आर्टवाल्यांनी वाड्याच्या माजघराला खालून चार फूट हिरवा ऑइलपेंट मारला, तोही अगदी बरोबर होता, जुन्या घरात तसाच असायचा. दोघांचाही अभ्यास पक्का, दोघांनाही शाबासकी मिळायला हवी होती. पहिला शॉट लागला, बाई खाली बसून गहू निवडतायत, आणि मॉनिटरवर दोन हात आणि एक डोकं. बाकी बाई गायब! साडी भिंतीत गेली. कॅमेरामन शांतपणे म्हणाला, ताई, भिंत बदला नाहीतर बाई बदला. रात्रभर डिस्टेंपर मारला, सकाळी वासाने सगळ्यांची डोकी दुखली, आणि निर्मात्याने तो खर्च कोणाच्या खात्यातून कापला ते तुला सांगायला नको. चूक कोणाची? कोणाचीच नाही आणि दोघांची. शूटिंगच्या आधी आम्ही दोघं एकदाही एका टेबलावर बसलो नव्हतो, मी अंधेरीला खरेदी करत होते आणि तो भोरला सेट लावत होता.

त्या दिवसापासून मी एक गोष्ट करते, भिंतीचा रंग लावलेला प्लायचा हातभर तुकडा आणि कपड्याचा तुकडा शेजारी ठेवून मोबाइलवर फोटो काढायचा आणि तो फोटो ब्लॅक अँड व्हाइट करून बघायचा. रंगीत सिनेमा असला तरी. फुकटचं काम आहे, दोन मिनिटं लागतात, आणि मी असिस्टंटला पहिल्या दिवशी हेच शिकवते.

आता तुझा पहिला प्रश्न, एकच माणूस दोन्ही करतो का. पोलिशमध्ये एक शब्द आहे, स्सेनोग्राफिया. आपल्या नाटकाच्या जाहिरातीत नेपथ्य वेगळं, वेशभूषा वेगळी लिहितात ना, तर तिथे हा शब्द दोघांच्या डोक्यावरून पांघरूण घालतो. शिकतानाही विद्यार्थी दोन्ही शिकतो, आणि त्यामुळे तिथे इकडून तिकडे जाणारी माणसं बरीच सापडतात. स्टार्स्कीबरोबर ज्या बाईंना ऑस्कर मिळालं त्या एवा ब्राऊन, त्यांनी सेट डेकोरेशन, कॉस्च्युम आणि प्रॉडक्शन डिझाइन अशी तिन्ही कामं केलेली आहेत. त्याच्या आधीच्या पिढीत क्राकोवचं जोडपं, येझी आणि लिदिया स्कार्झिन्स्की, चित्रकार माणसं, ग्रोटेस्का नावाच्या बाहुल्यांच्या थिएटरमधून आलेली. वोयचेख हास या दिग्दर्शकाच्या १९६५ च्या 'सारागोसा मॅन्युस्क्रिप्ट' चं जग यांच्या हातचं. त्यातला स्पेनचा डोंगराळ मुलूख चक्क दक्षिण पोलंडच्या चुनखडीच्या टेकड्यांत उभा केलाय, आणि तो बघताना कळतं की टोपी आणि खडक एकाच हाताने काढलेत. कुठेही शिवण दिसत नाही. स्वतः स्टार्स्कीच्या घरात बायको विएस्वावा कॉस्च्युम डिझायनर, वायदाच्या सिनेमांसाठी तिनेही काम केलेलं. म्हणजे एक माणूस दोन्ही करत नसला तरी एका घरात जेवताना दोन्ही ठरत असणार, असं मला आपलं वाटतं, मी काही त्यांच्या टेबलाखाली बसलेली नाही.

पण मोठ्या सिनेमात दोन्ही खाती एका माणसाकडे का देत नाहीत त्याचं कारण डोक्याचं नाही, घड्याळाचं आहे. सेटचं खातं नेहमी एक-दोन दिवस पुढे असतं. आज जिथे शूटिंग चालू आहे तिथे आर्ट डायरेक्टरचं काम जवळजवळ संपलेलं असतं, तो उद्याच्या लोकेशनवर सुतारांच्या डोक्यावर उभा असतो. कपड्यांचं खातं आजच्या दिवसाला बांधलेलं. पहाटे पाचला व्हॅनिटीत नट येतो, गेल्या महिन्यात लूक टेस्टला घातलेला ब्लाउज आज बसत नाही, कारण मधे कोणाच्या तरी लग्नात जेवून आलेली आहे, आता तिथे उभं राहून उसवायला कोणीतरी पाहिजे. पावसाचा सीन असला की एकाच शर्टाचे चार नग, त्यातला कुठला कितव्या टेकला ओला झाला याचा हिशोब. तू एकाच वेळी भोरला सुतारांजवळ आणि अंधेरीला ब्लाउजजवळ असू शकत नाहीस. मी केलं होतं एकदा, तीस दिवसांचं शेड्युल, चांगले असिस्टंट परवडत नव्हते, बाराव्या दिवशी मला ताप आणि नायकाने आधीच्या सीनमध्ये जाळलेला सदरा पुढच्या सीनला परत घातलेला. एडिटरला शेवटी त्या दोन सीनची अदलाबदल करावी लागली.

त्यामुळे माझं मत असं: शिकताना दोन्ही शिक, शॉर्ट फिल्म, एकांकिका, प्रायोगिक नाटक, छोटे इंडिपेंडंट सिनेमे यात दोन्ही कर, बिनधास्त कर. मोठ्या सिनेमात एक खातं घे आणि दुसऱ्या खात्याचा चांगला शेजारी हो. कुठलं घ्यायचं ते मी सांगणार नाही, ते तुझ्यावर आहे. एक खूण सांगते. नवीन घरात गेल्यावर तू आधी माणसांचे हात, चपला, बटणं बघतोस की छताची उंची आणि खिडकीतून उजेड कुठून येतो ते बघतोस? मी आधी चपला बघायचे, आता छत बघते, म्हणजे हेही बदलतं.

हॉलिवूडपर्यंत पोचली कशी, याचं अर्धं उत्तर वर आलंच. उरलेलं अर्धं कमी रोमँटिक आहे. तेव्हा पोलंडमध्ये सिनेमा सरकारी पैशाने व्हायचा आणि 'झेस्पोऊ' म्हणून फिल्म युनिटं असायची, दिग्दर्शकाच्या नेतृत्वाखालची, वायदाच्या युनिटचं नाव 'एक्स', कावालेरोविच या दिग्दर्शकाच्या युनिटचं 'कादर'. तीच ती माणसं सिनेमामागून सिनेमा एकत्र करायची. सेन्सॉरचा जाच होता, डिसेंबर १९८१ ला मार्शल लॉ लागला, त्यानंतर वायदाचं युनिटच बरखास्त केलं, आणि 'दांतों' सारखं काम फ्रान्सला जाऊन करावं लागलं. तो काळ परत यावा असं कोणी म्हणणार नाही. पण एका डिझायनरला एका दिग्दर्शकाची नजर ओळखायला जी दहा-पंधरा वर्षं लागतात ती त्या व्यवस्थेत मिळाली, हे खरं. आपल्याकडे प्रत्येक प्रोजेक्टला नवी टीम, पेमेंट ९० दिवसांनी आणि तेही फोन केले तर. म्हणून आपल्याला ती माणसं स्वतः शोधून धरून ठेवावी लागतात. तुझ्या कॉलेजमध्ये आत्ता जो पोरगा शॉर्ट फिल्म करतोय आणि ज्याच्याशी तुझं भांडण होतं पण परत बोलणं सुरू होतं, त्याला सोडू नकोस. स्टार्स्की आणि शेपर्ड अमेरिकेत जाऊन काम करायला लागले तेसुद्धा बघ, 'वॉशिंग्टन स्क्वेअर', १९९७, दिग्दर्शक कोण तर अग्नियेश्का हॉलंड. आपलीच बाई, परक्या गावात.

आणि हे फक्त तिकडचं आहे असं समजू नकोस. भानू अथैया कोल्हापूरच्या, तुझ्यापासून तासाच्या अंतरावर. जेजेत शिकल्या, १९५६ च्या 'सीआयडी' पासून हिंदी सिनेमाचे कपडे करत होत्या, आणि ऑस्कर मिळालं 'गांधी' साठी १९८३ ला, जॉन मोलोबरोबर वाटून. मधे गेली पंचवीसेक वर्षं. तिथेही तेच झालं, परदेशी दिग्दर्शक इथे आला आणि खादी कशी नेसतात, काठियावाडी माणूस पागोटं कसं बांधतो हे हातात असलेलं माणूस त्याला लागलं. अलीकडचा 'झोन ऑफ इंटरेस्ट' बघ, ब्रिटिश दिग्दर्शक, शूटिंग पोलंडमध्ये, कपडे मावगोझाता कारपियुक या पोलिश बाईंचे. चाळीस वर्षांत फार काही बदललेलं नाही.

शाळेचं. वूचच्या फिल्म स्कूलचं नाव मोठं आहे, वायदा, पोलान्स्की तिथलेच, पण ती ओळखली जाते दिग्दर्शन, कॅमेरा, अभिनयासाठी. सेट-कपडेवाली माणसं तिथे बहुतेक ललित कला अकादमीतून येतात, वॉर्साच्या नाहीतर क्राकोवच्या. म्हणजे पोलंडच हवं असेल तर अर्ज चुकीच्या दारात करू नकोस, आणि पदवीचे वर्ग कुठल्या भाषेत चालतात ते आधी त्यांनाच विचार. एफटीआयआयला आर्ट डायरेक्शन आणि प्रॉडक्शन डिझाइनचा कोर्स आहे, चांगला आहे, सगळ्यात मोठा फायदा म्हणजे तिथे तुला शेजारच्या वर्गातले दिग्दर्शक मिळतात. नाही मिळालं तर जग बुडत नाही, मी कुठलाच कोर्स केलेला नाही. यात खरं गणित घरच्या पैशांचं आहे. असिस्टंट म्हणून मुंबईत दोन वर्षं काढायला मागे कोणीतरी लागतं, भाडंच पगार खातं, आणि हे न सांगता 'पॅशन फॉलो कर' म्हणणाऱ्या लोकांचा मला राग येतो. घरून मदत होणार नसेल तर आधी दोन वर्षं कोल्हापूर-पुण्यात नाटक, जाहिराती, लग्नाचे सेट, जे मिळेल ते करून पैसे बाजूला टाक, त्यात कमीपणा काही नाही. लग्नाच्या मंडपात आठ तासांत चाळीस फुटांची कमान कशी उभी राहते ते मी तिथेच शिकले.

तर आतापर्यंतचं: दोन्ही शिक, मोठ्या कामात एक कर, माणसं धर, आणि तुझ्या मुलखाची माहिती हेच तुझं भांडवल. आता हे शेवटचं नुसतं बोलून सोडून देत नाही, कारण तू स्वतः कुठे बसलायस ते तुला दिसतच नाहीये.

वायदाचा 'प्रॉमिस्ड लँड', १९७५ चा, बघितला नसशील तर आज रात्री बघ. कपडे बार्बरा प्ताकचे. ही बाई त्याआधी 'फॅरो' नावाच्या इजिप्तवरच्या सिनेमाचे कपडे करून बसलेली, सगळं वाळूच्या आणि सोन्याच्या रंगात बांधलेलं. तीच इथे गिरणीमालकांचे सूट आणि कामगारांच्या चिंध्या करते. गोष्ट वूच शहराची, एकोणिसाव्या शतकातल्या कापडगिरण्यांची. त्या वेळी वूचमध्ये जुन्या गिरण्या आणि मालकांचे वाडे शाबूत होते म्हणून सिनेमा तिथल्या तिथे करता आला, यंत्रांचा तो जो धडधडाट आहे तो कुठल्याही सेटवर बनवता आला नसता. वूचला पोलंडचं मँचेस्टर म्हणायचे. आणि इचलकरंजीला काय म्हणतात? तुझ्या गल्लीत रात्री लूमचा आवाज बंद झाला तर म्हाताऱ्यांना झोप येत नाही, आणि तू मला विचारतोयस की पोलंडला जाऊ का! जुने साधे लूम भंगारात जायला लागलेत. ते जाण्याआधी शेडचं छत, पत्र्यातून येणारा उजेड, भिंतीवर बसलेला कापसाचा थर, कामगाराच्या बनियनवर तेलाचा डाग नेमका कुठे पडतो, जॉबरचा शर्ट आणि मालकाचा शर्ट यात फरक काय, हे सगळं मोजून, फोटो काढून, काढून ठेव. फुटपट्टी धरून फोटो काढ, नाहीतर नंतर माप कळत नाही.

आणि तुला एक अभ्यास देते, पोर्टफोलिओत हाच घाल. दुसऱ्या महायुद्धात कोल्हापूरजवळ वळिवड्याला पोलिश निर्वासितांची छावणी होती, १९४३ ते ४८, जवळपास पाच हजार माणसं, बहुतेक बाया आणि मुलं, रशियातून इराणमार्गे आलेली. शाळा होत्या, चर्च होतं. फाळणीनंतर त्याच जागी सिंधी निर्वासित आले आणि आज तिथे गांधीनगर आहे, जिथे आख्खं कोल्हापूर लग्नाचे कपडे घ्यायला जातं. तर समज की तुला त्या छावणीचा एक सीन करायचाय. एका पोलिश आईची बराकीतली खोली, पावसाळा, सकाळची वेळ, दारात वळिवड्याची दूधवाली आलीये. खोलीचा ग्राउंड प्लॅन काढ, भिंत कशाची ते शोध, त्या आईचा सायबेरियातून आणलेला कोट कोल्हापूरच्या दमटपणात चार वर्षांनी कसा दिसेल ते ठरव, दूधवालीचं लुगडं ठरव, आणि दोघी एका दारात उभ्या असताना मागची भिंत कुठल्या रंगाची म्हणजे दोघी वेगवेगळ्या दिसतील ते ठरव. गावात ज्यांना ती माणसं आठवतात अशी कोणी म्हातारी उरली असतील तर आधी त्यांच्याकडे जा, नेट नंतर. झालं की भिंतीचा आणि कापडाचा तुकडा शेजारी ठेवून फोटो काढ, एक रंगीत, एक काळापांढरा, आणि इथेच खाली टाक. मी बघते.